शिक्षकाचे पतन : ‘प्रोफेसर उनराट’ ते ‘पिंजरा’

१

समाजात मान असलेला एक शिक्षक रंगमंचावर नाचणाऱ्या स्त्रीच्या आसक्तीत सापडतो आणि त्या आसक्तीत त्याचे सर्वस्व जाते, हे कथासूत्र विसाव्या शतकात तीन वेळा मोठ्या ताकदीने मांडले गेले. हाइनरिख मान यांनी १९०५ साली ‘प्रोफेसर उनराट’ ही जर्मन कादंबरी लिहिली. तिच्यावरून योसेफ फॉन स्टर्नबर्ग यांनी १९३० साली ‘द ब्लू एंजल’ हा बोलपट केला. या बोलपटाचे सूत्र घेऊन व्ही. शांताराम यांनी १९७२ साली ‘पिंजरा’ निर्माण केला. पहिल्या कृतीपासून तिसरीपर्यंतचे अंतर सदुसष्ट वर्षांचे आहे. त्याहून मोठे अंतर आहे ते ल्यूबेकसारख्या बंदराच्या शहरापासून महाराष्ट्रातील खेड्यापर्यंतचे.

अशा प्रवासाचा विचार करताना समीक्षा सहसा दोन प्रश्नांपाशी थांबते. रूपांतर मुळाशी कितपत प्रामाणिक आहे, आणि ते आपल्या मातीत कितपत रुजले आहे? हे दोन्ही प्रश्न वाजवी असले तरी ते कृतीच्या गाभ्यापर्यंत पोहोचत नाहीत. या तिन्ही कृतींचा दर्शनी विषय विनाशक आसक्ती हा आहे. परंतु आसक्तीने ग्रासलेला पुरुष प्रत्येक वेळी शिक्षकच का असावा, हा प्रश्न विचारला की दर्शनी विषयामागचा दुसरा विषय दिसू लागतो. तो म्हणजे शिक्षकाच्या ठिकाणी एकवटलेली नैतिक सत्ता. आसक्तीमुळे नेमके काय कोसळते आणि कोसळल्यानंतर काय वाचवले जाते, याची तीन उत्तरे या तीन कृतींनी दिली आहेत. त्या उत्तरांतील फरक हाच या कथासूत्राचा खरा इतिहास होय.

२

मान यांच्या कादंबरीचे उपशीर्षकच ‘एका जुलूमशहाचा अंत’ अशा अर्थाचे आहे. नायकाचे आडनाव राट. त्याला ‘उन’ हा उपसर्ग जोडला की जर्मन भाषेत घाण किंवा कचरा असा अर्थ होतो. विद्यार्थ्यांच्या अनेक पिढ्यांनी, आणि त्यांतूनच पुढे मोठ्या झालेल्या सगळ्या शहराने, हे टोपणनाव चालवले आहे. सत्तावन्न वर्षांचा हा शिक्षक विद्यार्थ्यांना शत्रू मानतो. कोणाच्या तोंडून ते नाव निघाले हे सिद्ध करणे आणि त्या मुलाचे पुढील आयुष्य बिघडवणे, हा त्याच्या जगण्याचा उद्योग होऊन बसला आहे. होमरच्या काव्यातील अव्ययांवर तो वर्षानुवर्षे ग्रंथ लिहीत आहे. ग्रीक-लॅटिनमधील निपातांचे शब्दशः जर्मन प्रतिशब्द त्याच्या रोजच्या बोलण्यातही घुसलेले आहेत. मान यांनी या बोलीतूनच त्याचे व्यक्तिमत्त्व उभे केले आहे. ज्ञान येथे सत्तेचा गणवेश बनले आहे.

या माणसाला रोझा फ्रोलिश ही गायिका भेटते ती प्रेमकथेच्या मार्गाने नव्हे. लोहमान या विद्यार्थ्याच्या निबंधाच्या वहीत तिच्यावरची कविता सापडते आणि विद्यार्थ्याला ‘पकडण्यासाठी’ शिक्षक बंदरालगतच्या ‘निळा देवदूत’ नावाच्या गुत्त्यात शिरतो. म्हणजे आसक्तीचा उगम शिस्तीच्या पाठलागात आहे. पुढे तो तिच्या खोलीत रोज बसू लागतो, त्यामागे तिच्या सहवासाची ओढ जेवढी आहे, तेवढाच विद्यार्थ्यांना तिथून हुसकावल्याचा विजयानंद आहे. एकाच वृत्तीची ही दोन रूपे होत, हे मान यांचे निदान आहे.

कादंबरीचा उत्तरार्ध या निदानाला अखेरपर्यंत नेतो. नोकरी गेल्यावर आणि रोझाशी लग्न झाल्यावर उनराट दीनवाणा होत नाही. उलट आपल्या घरात तो जुगार आणि विलास यांचा अड्डा उघडतो आणि ज्या नागरिकांनी आयुष्यभर त्याला हिणवले त्यांना एकामागून एक नादाला लावतो. शहरातील सभ्य कुटुंबे त्या घरापायी बुडतात. काल शिस्तीच्या नावाने नाश करणारा हा माणूस आज अनीतीच्या नावाने नाश करतो. साधन बदलले, वासना तीच राहिली. शेवटी परत आलेल्या लोहमानच्या पैशाचे पाकीट हिसकावून तो पळतो आणि पकडला जातो. मान येथे कोणालाही वाचवत नाहीत: ना शिक्षकाला, ना त्याच्या आदर्शांना, ना त्या घराच्या पायऱ्या गुपचूप चढणाऱ्या शहराला. सम्राट दुसऱ्या विल्हेल्मच्या काळातील आज्ञाधारक नागरी समाजावर केलेली ही शस्त्रक्रिया आहे.

३

पंचवीस वर्षांनी ऊफा या चित्रपटसंस्थेने कादंबरी पडद्यावर आणायचे ठरवले तेव्हा साम्राज्य जाऊन प्रजासत्ताक आले होते आणि तेही डळमळू लागले होते. ऊफाची मालकी १९२७ पासून उजव्या राष्ट्रवादी विचारांच्या आल्फ्रेड हुगेनबेर्गकडे होती. निर्माता एरिख पोमर यांनी हॉलिवूडहून स्टर्नबर्ग यांना बोलावले. नायकाच्या भूमिकेत एमिल यानिंग्ज होते. अभिनयाचे पहिलेवहिले ऑस्कर नुकतेच त्यांना मिळाले होते. पटकथेवर कार्ल त्सुकमायर, कार्ल फोलमोलर आणि रोबेर्ट लिबमान यांनी काम केले. जर्मन आणि इंग्रजी अशा दोन आवृत्त्या एकाच वेळी चित्रित झाल्या. १ एप्रिल १९३० रोजी बर्लिनच्या ग्लोरिया पालास्टमध्ये हा बोलपट प्रथम दाखवला गेला आणि त्याच रात्री लोलाची भूमिका करणारी मार्लेन डीट्रिश अमेरिकेला रवाना झाली.

पटकथेने कादंबरीचा उत्तरार्ध कापून टाकला. जुगाराचा अड्डा, शहरावरचा सूड, बुडालेली घराणी यांतले काहीच उरले नाही. त्याऐवजी आले ते एका माणसाचे पायरीपायरीने झालेले मानभंग. आता नायकाचे नाव इमॅन्युएल राट आहे. पहिले नाव कांटची आठवण देणारे. टोपणनाव विद्यार्थ्यांच्या खोडीपुरते उरते. तो जुलमी असण्यापेक्षा एकाकी अधिक आहे. सुरुवातीच्याच एका दृश्यात तो पिंजऱ्यातील पाखराला शीळ घालतो, उत्तर येत नाही. पाखरू मेलेले असते आणि घरकाम करणारी बाई ते उचलून शेगडीत टाकते. पुढे लोलाच्या खोलीत तो पहिल्यांदा सकाळी जागा होतो तेव्हा तिथे पाखरू गात असते. आसक्तीकडे पाहण्याची संपूर्ण दृष्टी या दोन दृश्यांच्या जोडणीत आली आहे. राटच्या दृष्टीने लोला हा मोह नसून मेलेल्या घरात आलेला आवाज आहे. म्हणूनच प्रेक्षकाला त्याची कीव येते. मान यांनी वाचकाला ती सवलत दिली नव्हती.

विनाशाची रीतही बदलते. लग्नाच्या मेजवानीत आनंदाच्या भरात राट कोंबड्यासारखा आरवतो. काही वर्षांनी तोच आवाज त्याला विदूषक म्हणून, स्वतःच्या गावातल्या प्रेक्षकांपुढे, डोक्यावर अंडी फोडून घेत काढावा लागतो. मधली वर्षे दिनदर्शिकेची पाने जात राहतात तशी सरतात. एकेकाळी विद्यार्थ्यांकडून जप्त केलेली लोलाची छायाचित्रे तोच प्रेक्षकांत फिरून विकू लागतो. शेवटी तिच्यावर हात टाकल्यावर त्याला आवरपट्ट्यांत जखडले जाते. सुटल्यावर तो रात्री आपल्या जुन्या वर्गात पोहोचतो आणि टेबलाची कड घट्ट धरून प्राण सोडतो. कॅमेरा मागे मागे सरकत जातो आणि रिकाम्या वर्गात ते टेबल लहान होत जाते. कादंबरीतील जुलूमशहाला तुरुंगगाडी मिळाली. बोलपटातील शिक्षकाला त्याचे टेबल परत मिळाले.

झीगफ्रीड क्राकाउअर यांनी १९४७ च्या ‘फ्रॉम कॅलिगारी टू हिटलर’ या ग्रंथात या बोलपटाचा संबंध पुढच्या काळाशी जोडला. राटच्या छळात रस घेणारे विद्यार्थी आणि कलावंत त्यांना येऊ घातलेल्या क्रौर्याची पूर्वचिन्हे वाटली. घटनांनी या वाचनाला एक भीषण जोड दिली. मान यांना १९३३ च्या सुरुवातीला देश सोडावा लागला आणि त्यांची पुस्तके जाळली गेली. राटच्या डोक्यावर अंडी फोडणारा जादूगार साकारणारे कुर्ट गेरोन १९४४ साली आउशविट्झमध्ये मारले गेले. यानिंग्ज मात्र नव्या राजवटीच्या चित्रपटांत मानाने काम करीत राहिले. तरीही क्राकाउअर यांच्या वाचनात एक अडचण आहे. उत्तरकाळ ठाऊक असल्यामुळे प्रत्येक खिदळण्यात त्यांना त्याचे बीज दिसते. प्रत्यक्षात बोलपटाने केलेली गोष्ट अधिक साधी आणि म्हणूनच अधिक अर्थपूर्ण आहे. सत्तेची मीमांसा काढून तिच्या जागी त्याने नियती आणली. समाजाच्या रोगाचे एका पुरुषाच्या मनोविकारात रूपांतर झाले.

या मनोविकाराचे दोन अन्वयार्थ पुढे मांडले गेले. लॉरा मल्व्ही यांनी १९७५ च्या आपल्या निबंधात स्टर्नबर्ग यांच्या चित्रपटांतील स्त्रीप्रतिमा ही पुरुषी नजरेने पूजावस्तू बनवलेली, कथेपासून सुटलेली प्रतिमा आहे असे म्हटले. गेलिन स्टडलर यांनी १९८८ च्या ग्रंथात याच्या उलट, येथे पाहणाऱ्याला सत्ता नव्हे तर शरणागतीचे सुख मिळते असे प्रतिपादन केले. ‘द ब्लू एंजल’पुरते पाहिले तर दोन्ही वाचने एकाच जागी भेटतात. पिंपावर बसलेली लोला कोणाचीच नसते, आणि राटला तिच्याकडून हवे असते ते नेमके हेच, की तिने आपल्या गुरुपदाची फिकीर करू नये. ज्या पदाने त्याला गुदमरवले होते, ते पद उतरवून घेणारी ती पहिली व्यक्ती आहे. मानभंगाचा शेवट मृत्यूत होत असला तरी त्याची सुरुवात सुटकेत आहे.

४

‘पिंजरा’कडे येण्यापूर्वी मराठी चित्रपटाची स्वतःची पूर्वपीठिका लक्षात घ्यावी लागते. शांताराम आणि जर्मनी यांचा संबंध जुना. प्रभातच्या ‘सैरंध्री’च्या रंगीत प्रतींसाठी ते १९३३ साली जर्मनीला गेले होते, आणि त्यानंतरच्या ‘अमृतमंथन’मधील छायाप्रकाशात जर्मन चित्रशैलीचे संस्कार अभ्यासकांनी दाखवून दिले आहेत. परंतु ‘पिंजरा’ला त्याहून जवळचा असा एक पूर्वज घरातच होता. राजकमलने १९४७ साली काढलेल्या ‘लोकशाहीर रामजोशी’ या चित्रपटात शास्त्राध्ययनाच्या परंपरेतला ब्राह्मण तरुण लावणीच्या आणि फडाच्या ओढीने घराबाहेर पडतो. विद्वत्ता आणि नाचगाणे, गाव आणि फड यांतले अंतर एका पुरुषाच्या आयुष्यात ओलांडले जाण्याची कथा म्हणून ती स्टर्नबर्ग यांच्या कथेशी समांतर आहे. भेद एवढाच, की रामजोशीला फडाने कवी केले. जात गेली, काव्य मिळाले. फड हे पतनाचे स्थान असले तरी ते निर्मितीचेही स्थान होते.

पुढल्या पंचवीस वर्षांत तमाशापट हा मराठी चित्रपटाचा प्रमुख प्रकार झाला. अनंत माने यांच्या ‘सांगत्ये ऐका’ने १९५९ साली त्याला लोकप्रियतेचे शिखर दाखवले. याच काळात एका बाजूला तमाशाच्या ‘शुद्धीकरणा’चे प्रयत्न चालू होते, तर दुसऱ्या बाजूला १९६२ मध्ये जिल्हा परिषदा आल्यानंतर खेड्यातील प्राथमिक शिक्षक हा नव्या राज्याचा गावातला चेहरा बनत होता. शिवाय ‘गुरुजी’ या शब्दामागे साने गुरुजींच्या स्मृतीची पुण्याई होती. जर्मन ‘प्रोफेसर’ हे शाळेतील एक पद होते. मराठी ‘गुरुजी’ हे नैतिक नाते आहे. या शब्दाला हात लावणे म्हणजे एका पिढीने स्वतःबद्दल बाळगलेल्या श्रद्धेला हात लावणे होते.

५

अनंत माने यांची कथा, शंकर पाटील यांचे संवाद, जगदीश खेबुडकर यांची गीते आणि राम कदम यांचे संगीत घेऊन शांताराम यांनी हा हात लावला. श्रीराम लागू यांचे गुरुजी, संध्या यांची चंद्रकला आणि निळू फुले यांच्या भूमिका यांमुळे ‘पिंजरा’ मराठी प्रेक्षकाच्या स्मृतीत पक्का बसला. त्याच्या यशाची ही कारणे खरी आहेत. तथापि कथासूत्राच्या इतिहासात त्याचे स्थान ठरते ते त्याने केलेल्या तीन बदलांमुळे.

पहिला बदल आरंभाचा. उनराट द्वेष्टा होता, राट एकाकी. गुरुजी मात्र खरोखरच आदर्श आहेत. त्यांनी गाव घडवले आहे आणि गाव त्यांच्या शब्दाबाहेर नाही. तमाशाच्या फडाला ते गावातून घालवतात. अपमानित चंद्रकला त्यांच्या हाती तुणतुणे देण्याची प्रतिज्ञा करते. म्हणजे येथे आसक्तीचा उगम शिक्षकाच्या मनात नसून स्त्रीच्या सुडात ठेवला आहे. दोष बाहेरून येतो. गुरुजींच्या आदर्शात आधीपासूनच काही दबलेले, नाकारलेले असावे काय, या प्रश्नाच्या उंबरठ्यावर चित्रपट क्षणभर उभा राहतो. आपल्याच देहाची जाणीव झालेल्या माणसाचे भय लागू यांच्या अभिनयात स्पष्ट दिसते. पटकथा मात्र त्या भयाचा माग काढत नाही.

दुसरा बदल फडाच्या अर्थाचा. रामजोशीला फडाने लेखणी दिली. गुरुजींना तो केवळ तुणतुणे देतो. पाव शतकापूर्वी त्याच निर्मात्याच्या चित्रपटात फड निर्मितीचे ठिकाण होता, आता तो निव्वळ अधोगतीचे ठिकाण झाला आहे. पडद्यावरच्या लावण्या प्रेक्षकाला मोहवतात आणि कथा त्याच मोहाला शिक्षा सांगते. तमाशापटाचा हा जुना दुटप्पीपणा ‘पिंजरा’त इतका उघड होतो की तो जवळजवळ कबुलीसारखा वाटतो. फडावरील कलावंतिणीचे जातवास्तव कथेच्या केंद्रात येत नाही. तिला गावाबाहेर घालवणे हा सद्गुणाचा विजय का मानला जावा, हा प्रश्नही त्यामुळे विचारला जात नाही.

तिसरा बदल सर्वांत महत्त्वाचा. दुसऱ्याच एका माणसाचा मृतदेह गुरुजींचा म्हणून ओळखला जातो. गावाच्या लेखी गुरुजी मरतात आणि पूज्य होतात. जिवंत माणूस ओळख हरवून फडाबरोबर फिरत राहतो. अखेरीस गुरुजींच्या खुनाचा आरोप त्याच्यावरच येतो, आणि ‘मीच तो’ असे सांगून सुटण्यापेक्षा तो मरण पत्करतो, कारण गावाच्या मनातली मूर्ती भंगता कामा नये. हा प्रसंग ना मान यांच्याकडे आहे, ना स्टर्नबर्ग यांच्याकडे. येथे माणूस आणि त्याचे पद यांची फारकत पूर्ण होते. न्यायालयाचा निवाडा वस्तुस्थितीच्या दृष्टीने खोटा आहे, नैतिक दृष्टीने मात्र तो खरा आहे. या माणसाने गुरुजींना मारलेच आहे. मराठी चित्रपटाला क्वचितच लाभलेली ही शोकात्म विसंगती आहे, आणि मूळ कृतीपुढे ‘पिंजरा’ला मान खाली घालण्याचे कारण उरत नाही ते याच विसंगतीमुळे.

परंतु या विसंगतीतून चित्रपट जो निष्कर्ष काढतो, तो तपासून घेतला पाहिजे. माणूस गेला तरी चालेल, आदर्श राहिला पाहिजे, या निष्ठेला तो आत्मबलिदानाचे तेज देतो. मान यांनी नेमक्या याच निष्ठेला रोग म्हटले होते. शिक्षकाच्या पतनातून त्यांना दाखवायचे होते ते हे, की ज्या पदाला समाज वंदन करतो त्या पदातच विकृती मुरलेली असू शकते. ‘पिंजरा’त गाव शेवटपर्यंत अजाण राहते. त्याला काही शिकावे लागत नाही, कारण त्याचे अज्ञान जपण्यासाठीच एक जीव दिला जातो. ज्या गुरूने आयुष्यभर शिकवले, त्याचा शेवटचा धडा सत्य लपवण्याचा आहे.

६

तीन कृतींतील स्त्रियांकडे पाहिले म्हणजे या जपणुकीची किंमत कोणी चुकवली ते कळते. मान यांची रोझा एका मुलीची आई आहे, व्यवहारी आहे, आणि उनराटच्या सुडाचे साधन होतानाही तिला स्वतःचे हिशेब आहेत. स्टर्नबर्ग यांची लोला कोणालाच जबाबदार नाही. शेवटी ती खुर्चीवर उलटी बसून गात राहते. राटच्या विनाशाची तिला ना लाज, ना खंत. दोघीही टिकून राहतात. चंद्रकलेला मात्र ही मुभा नाही. तिचा सूड प्रेमात आणि प्रेम पश्चात्तापात वळावे लागते. आदर्शाला वाचवायचे म्हटल्यावर त्याचा भंग करणाऱ्या स्त्रीने स्वतःच त्या आदर्शापुढे नमावे, ही मागणी ओघाने येतेच. गावाने घालवून दिल्याचा तिचा राग मुळात अन्याय्य नव्हता. चित्रपटाच्या अखेरीस तो राग पाप म्हणून शिल्लक राहतो.

पिंजऱ्याची प्रतिमाही अशीच बदलत गेली आहे. स्टर्नबर्ग यांच्या बोलपटात पिंजरा शिक्षकाच्या घरात होता आणि त्यातले पाखरू प्रेमाची भेट होण्यापूर्वीच मेलेले होते. शिस्तीचे जगणे हाच तेथे कैदखाना होता. देहाला पिंजरा आणि जिवाला पाखरू मानणाऱ्या संतपरंपरेच्या भाषेत वाढलेल्या मराठी चित्रपटात तोच शब्द वासनेकडे वळला आणि शिस्त निर्दोष ठरली. मधल्या काळात अमेरिकेत एडवर्ड दमित्रिक यांनी १९५९ साली याच कथेची रंगीत आवृत्ती काढली होती. ती फारशी कोणाच्या लक्षात राहिली नाही, कारण तिला या कथेकडून स्वतःच्या समाजाविषयी काही विचारायचे नव्हते. ‘पिंजरा’ टिकला, कारण त्याने आपल्या समाजाचा सर्वांत नाजूक शब्द पणाला लावला.

तो शब्द पणाला लावून अखेरच्या क्षणी उचलून घेतला गेला, हे मात्र विसरता येत नाही. विनाशक आसक्तीची कथा समाजाला भावते ती नीतीचा धडा म्हणून. पण तिची खरी कसोटी वेगळी आहे. कोसळणाऱ्या माणसाबरोबर त्याला उंचावर बसवणाऱ्यांचीही झाडाझडती ती घेते की नाही, हे तिला विचारावे लागते. १९०५ च्या कादंबरीने ती घेतली, १९३० च्या बोलपटाने ती करुणेत बुडवली आणि १९७२ च्या चित्रपटाने ती फासाच्या दोरापर्यंत नेऊन मागे घेतली. मराठीत ही कथा चौथ्यांदा लिहिली गेलीच, तर तिची सुरुवात त्या गावापासून व्हावी लागेल, ज्याला आपले गुरुजी कोण होते हे कधी कळलेच नाही.